प्राचीन ग्रीक खेळाडू खरोखरच केवळ पानांच्या मुकुटासाठी लढत होते का?

आपला प्रश्न असा आहे : मुलीला शाळेतील वक्तृत्व स्पर्धेसाठी मिळालेल्या भाषणात म्हटले आहे की, प्राचीन ग्रीक खेळाडू पैशाचा विचारही न करता केवळ ऑलिव्हच्या पानांच्या मुकुटासाठी खेळत असत आणि पुढे पैसा शिरला तेव्हा खेळ भ्रष्ट झाला. हे खरे आहे का, आणि खरे नसेल तर ‘हे ग्रीक पैशासाठी नव्हे तर श्रेष्ठत्वासाठी झुंजतात’ या, ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने नोंदवलेल्या इराणी सरदाराच्या उद्गाराचे काय करायचे? प्राचीन ग्रीसचा इतिहास मी पंचवीसहून अधिक वर्षे महाविद्यालयात शिकवला आणि जवळजवळ प्रत्येक वर्षी एखादा विद्यार्थी नेमके हेच वाक्य घेऊन माझ्याकडे आला. म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

या एका वाक्यात तीन वेगळे प्रश्न एकत्र झाले आहेत, हे आधी लक्षात घ्यावे. ऑलिंपियाच्या मैदानावर विजेत्याला काय दिले जात असे, हा पहिला. त्या विजयातून खेळाडूला एकूण काय मिळत असे, हा दुसरा. आणि हौशी खेळाडू व व्यावसायिक खेळाडू असा भेद ग्रीक लोक स्वतः करत होते का, हा तिसरा. पहिल्या प्रश्नाचे उत्तर भाषणाच्या बाजूने जाते, पुढच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरे विरुद्ध जातात. आणि गोंधळ होतो तो पहिल्याचे उत्तर तिन्हींना लावल्यामुळे.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, हेही मान्य केले पाहिजे. परंपरेने ऑलिंपिक स्पर्धांचा आरंभ इ.स.पू. 776 हा मानला जातो आणि त्या इसवी सनाच्या चौथ्या शतकापर्यंत चालल्या, म्हणजे आपण सुमारे अकराशे वर्षांविषयी बोलतो आहोत. या काळात शेकडो स्वतंत्र नगरराज्ये होती आणि प्रत्येकाचे नियम व औदार्य वेगळे होते. शिवाय रथाचे घोडे पाळणारा श्रीमंत जमीनदार आणि मुष्टियुद्धासाठी उतरणारा गावाकडचा तरुण यांची परिस्थिती एकच मानता येत नाही. तेव्हा ‘ग्रीक खेळाडू असे होते’ असे सरसकट विधान मी करणार नाही. परंतु पैशाला शिवतच नव्हते, असा एखादा काळ पुराव्यात सापडतो का, एवढे मात्र पाहता येते, आणि तसा काळ सापडत नाही.

ऑलिंपियात विजेत्याला रानटी ऑलिव्हच्या डहाळीचा मुकुट मिळत असे, हे निर्विवाद आहे. अशा मुकुटाच्या स्पर्धा चार होत्या. डेल्फीला लॉरेलचा मुकुट असे, नेमियाला रानसेलरीचा, आणि कॉरिंथजवळच्या इस्थमियाला कधी पाइनचा तर कधी सेलरीचा. ऑलिंपिया आणि डेल्फीच्या स्पर्धा दर चार वर्षांनी, उरलेल्या दोन दर दोन वर्षांनी भरत. दुसऱ्या क्रमांकाला ऑलिंपियात काहीही नव्हते. पराभूत मल्ल घरी परततात तेव्हा आईजवळ गेल्यावरही त्यांच्याभोवती गोड हसू उमटत नाही आणि शत्रूंची नजर चुकवत ते गल्लीबोळांतून जातात, असे पिंडार या कवीने डेल्फीच्या एका विजेत्यासाठी रचलेल्या गीतात म्हटले आहे. हे वर्णन मी मुद्दाम सांगतो, कारण पानांचा मुकुट म्हणजे नम्र, निरिच्छ खेळ ही आपली समजूत त्यामुळे ढळते. तो मुकुट सर्वांत मोठा होता, आणि तो न मिळणे ही अप्रतिष्ठा होती.

आता दुसरा प्रश्न. मुकुट घालून खेळाडू गावी गेला की काय होत असे? ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो की, अथेन्सचा कायदेकर्ता सोलोन याने ऑलिंपिक विजेत्याला 500 आणि इस्थमियाच्या विजेत्याला 100 ड्राख्मा (ग्रीक चलन) देण्याचे ठरवले. त्याच ठिकाणी तो असेही नोंदवतो की, त्या काळच्या यज्ञबळींच्या हिशोबात एक मेंढी किंवा धान्याचे एक माप एका ड्राख्माबरोबर धरले जाई. सोलोनच्याच व्यवस्थेत वर्षाला 500 मापांचे उत्पन्न असणारे कुटुंब सर्वोच्च वर्गात मोडत होते, यावरून या रकमेचा अंदाज येतो. येथे एक सावधगिरी बाळगावी लागते. सोलोनचा काळ इ.स.पू. सहाव्या शतकाच्या आरंभीचा आहे आणि तेव्हा अथेन्सने स्वतःची नाणी पाडलेली नव्हती, त्यामुळे हे ड्राख्मा नाण्यांत नव्हे तर चांदीच्या वजनात समजावे लागतात. प्लुटार्कही सोलोननंतर सुमारे सातशे वर्षांनी लिहितो आहे. म्हणून मी केवळ या उताऱ्यावर इमारत उभी करत नाही, आणि तशी गरजही नाही, कारण यापेक्षा पक्का पुरावा दगडावर कोरलेला आहे.

अथेन्समध्ये दर चार वर्षांनी महापॅनथेनाया हा उत्सव होत असे. तेथील बक्षिसांची यादी कोरलेला इ.स.पू. चौथ्या शतकाच्या पूर्वार्धातील एक शिलालेख उपलब्ध आहे. त्याचा काही भाग तुटलेला आहे, परंतु मुलांच्या गटातील छोट्या धावशर्यतीची नोंद स्पष्ट वाचता येते : पहिल्याला ऑलिव्ह तेलाचे 50 कुंभ, दुसऱ्याला 10. एका कुंभात सुमारे 38 ते 39 लिटर तेल मावत असे. म्हणजे अजून मिसरूडही न फुटलेल्या मुलाने एका स्टेडियमची, सुमारे 180 ते 190 मीटरची, एक धाव जिंकली की त्याला जवळजवळ दोन हजार लिटर तेल मिळत होते. इतके तेल कोणी घरी वापरण्यासाठी नेत नाही. ते विकण्यासाठीच असते. त्याच यादीत सिथारा हे तंतुवाद्य वाजवून गाणाऱ्या विजेत्यासाठी 1000 ड्राख्मांचा सोन्याचा मुकुट आणि वर 500 ड्राख्मा चांदी असे लिहिले आहे. त्याआधी थोडीच वर्षे अथेन्सच्या एरेक्थिऑन मंदिराच्या बांधकामावर कुशल कारागिराला दिवसाला एक ड्राख्मा मिळत होता, हे हिशोबाच्या शिलालेखांवरून कळते. तुलना आपणच करावी. ज्या काळ्या-तांबड्या रंगाच्या कुंभांतून हे तेल दिले जाई ते आज जगभरच्या संग्रहालयांत आहेत, आणि त्यांच्यावर ‘अथेन्सच्या स्पर्धांतील बक्षिसांपैकी’ असे लिहिलेले असते. एका बाजूला शस्त्रधारी अथेना देवी आणि दुसऱ्या बाजूला त्या-त्या खेळाचे चित्र असते. वर्गात मी या कुंभाचे चित्र दाखवत असे तेव्हा मुले चित्राचे कौतुक करत आणि मी त्यांना विचारत असे की, हे भांडे मुळात कशासाठी घडवले होते. बक्षीस भरून देण्यासाठी, हे उत्तर सुचायला त्यांना वेळ लागत असे.

याशिवाय अथेन्स आपल्या विजेत्यांना नगरभवनात सार्वजनिक खर्चाने भोजनाचा मान देत असे. इ.स.पू. 399 मध्ये खटल्यात दोषी ठरल्यावर सॉक्रेटिसने स्वतःसाठी हीच ‘शिक्षा’ सुचवली होती आणि ऑलिंपियात घोडे वा रथ जिंकवणाऱ्यापेक्षा आपण या भोजनाला अधिक पात्र आहोत असे न्यायसभेला सांगितले होते. त्याचे म्हणणे ऐकणाऱ्यांना कळण्यासाठी हा मान सर्वांना माहीत असणे आवश्यक होते, आणि तो होता.

मग ‘आधी शुद्ध, नंतर भ्रष्ट’ या क्रमाचे काय? जितके मागे जावे तितके बक्षीस कमी होत नाही. होमरच्या इलियड या महाकाव्याच्या तेविसाव्या सर्गात पॅट्रोक्लसच्या अंत्यसंस्कारानंतर स्पर्धा होतात आणि अकिलीस प्रत्येक खेळासाठी बक्षिसे मांडतो. कुस्तीच्या विजेत्याला बारा बैलांच्या मोलाचे तीन पायांचे पात्र, तर पराभूताला चार बैलांच्या मोलाची, कामात निपुण असलेली स्त्री. ती स्त्री बक्षिसांच्या रांगेत वस्तूसारखी उभी केलेली आहे, हे वाचताना आजही अस्वस्थ वाटते आणि वाटलेच पाहिजे. परंतु सर्वांत जुन्या ग्रीक काव्यातील खेळ हा उघडउघड मौल्यवान बक्षिसांचा खेळ आहे, हे त्यातून दिसते. भाषाही हेच सांगते. ‘अ‍ॅथलीट’ हा शब्द ज्या ग्रीक धातूपासून आला त्यातील ‘अ‍ॅथलॉन’ म्हणजे बक्षीस. हौसेने, मोबदल्याशिवाय खेळणारा अशा अर्थाचा स्वतंत्र शब्द ग्रीकांकडे नव्हता. उलट डेल्फीच्या स्पर्धांत आधी मौल्यवान बक्षिसे दिली जात आणि इ.स.पू. 582 पासून तेथे केवळ मुकुट आला. म्हणजे निदान तेथे तरी क्रम भाषणातल्या क्रमाच्या उलट आहे.

खेळाडूंच्या लाडांविषयीची तक्रारही जुनीच आहे. इ.स.पू. सहाव्या-पाचव्या शतकांच्या संधीवर झेनोफनीस हा कवी-विचारवंत कुरकुर करतो की, धावण्यात किंवा मुष्टियुद्धात जिंकलेल्याला नगर पुढची आसने देते, सार्वजनिक खर्चाने जेवू घालते, भेटी देते. पण माणसांच्या आणि घोड्यांच्या बळापेक्षा माझे शहाणपण श्रेष्ठ आहे. ज्याला आपण ऑलिंपिकचे सुवर्णयुग म्हणतो, त्याच युगातला हा आवाज आहे.

येथपर्यंतचे थोडक्यात सांगायचे तर, ऑलिंपियात पाने मिळत, गावी परतल्यावर रोख रक्कम, भोजन आणि मान मिळे, इतर अनेक उत्सवांत थेट मोल असलेली बक्षिसे मिळत, आणि हे सर्व आरंभापासून चालत आले होते.

आता हिरोडोटसकडे वळतो, कारण आपल्या प्रश्नातील सर्वांत महत्त्वाचा भाग तोच आहे. प्रसंग इ.स.पू. 480 चा, इराणने ग्रीसवर केलेल्या स्वारीतील थर्मोपिलीच्या लढाईनंतरचा आहे. आर्केडियातले काही पोटार्थी लोक इराणी छावणीत येतात. ग्रीक सध्या काय करत आहेत, असे त्यांना विचारले जाते. ते सांगतात की ऑलिंपियाचा उत्सव चालू आहे आणि लोक खेळ व घोड्यांच्या शर्यती पाहत आहेत. बक्षीस काय, तर ऑलिव्हचा मुकुट. तेव्हा त्रितांतेख्मीस हा सरदार इराणी सेनापती मार्डोनियसला उद्देशून उद्गारतो की, मार्डोनियस, तू आम्हाला कसल्या माणसांशी लढायला आणलेस, जे पैशासाठी नव्हे तर श्रेष्ठत्वासाठी झुंजतात! हे ऐकून राजाने त्याला भित्रा ठरवले, असेही हिरोडोटस लिहितो.

हा उतारा खोटा म्हणून मी फेकून देत नाही. मात्र विद्यार्थ्यांना मी नेहमी दोन गोष्टी करायला सांगत असे. पहिली, हे वाक्य कोण कोणासाठी लिहितो आहे ते पाहावे. हिरोडोटस काही दशकांनंतर ग्रीक श्रोत्यांसाठी लिहितो आहे, आणि संपत्तीने भारलेला इराणी दरबार विरुद्ध गरीब पण स्वतंत्र ग्रीक हा विरोध त्याच्या संपूर्ण ग्रंथात पुन्हा पुन्हा येतो. येथे तो एका शत्रूच्या तोंडून वदवला आहे. दुसरी, त्याच वर्षीच्या, त्याच ऑलिंपिक उत्सवाच्या इतर नोंदी शेजारी ठेवाव्यात. दुसऱ्या शतकात ग्रीसभर फिरून ऑलिंपियातील पुतळे आणि त्यांच्यावरील लेख टिपून ठेवणाऱ्या पॉसेनियसमुळे त्या नोंदी आपल्याकडे आहेत.

त्या 480 च्या उत्सवात थेसॉस बेटाचा थिआजेनीस मुष्टियुद्ध आणि पांक्रेशन या दोन्ही खेळांत उतरला. पांक्रेशन म्हणजे ठोसे आणि कुस्ती एकत्र असलेला झुंजीचा प्रकार. मुष्टियुद्धात त्याने युथिमस या आधीच्या विजेत्याला हरवले, परंतु त्यात तो इतका दमला की पांक्रेशनला उतरू शकला नाही. पंचांनी निर्णय दिला की, केवळ युथिमसला डिवचण्यासाठी तो मुष्टियुद्धात उतरला, आणि देवाला एक टॅलंट व युथिमसला एक टॅलंट असा दंड ठोठावला. एक टॅलंट म्हणजे 6000 ड्राख्मा. देवाचा दंड त्याने पुढच्या वेळी भरला आणि युथिमसची भरपाई म्हणून पुढे ऑलिंपियात मुष्टियुद्धात न उतरण्याचे मान्य केले. या थिआजेनीसने आयुष्यभरात 1400 मुकुट मिळवले असे पॉसेनियस म्हणतो. प्लुटार्क 1200 सांगतो. आकडा कोणताही धरला तरी हा माणूस वर्षभर गावोगाव स्पर्धा करत फिरत होता, हे उघड आहे. हौस म्हणून सवडीने खेळणाऱ्याचे हे आयुष्य नव्हे.

त्याच उत्सवात क्रोटनचा धावपटू अ‍ॅस्टिलस लागोपाठ तिसऱ्यांदा जिंकला. पण पॉसेनियसच्या म्हणण्यानुसार नंतरच्या दोन वेळा त्याने सिसिलीतील राज्यकर्ता हिएरोन याला खूश करण्यासाठी स्वतःला सिराक्यूजचा म्हणून घोषित करवले. क्रोटनच्या लोकांनी संतापून त्याच्या घराचे तुरुंगात रूपांतर केले आणि त्याचा पुतळा पाडला. हीच गोष्ट पुढे क्रीटच्या सोटाडीसबाबत घडली. तो 384 मध्ये लांब पल्ल्याची शर्यत क्रीटच्या नावाने जिंकला आणि पुढच्याच ऑलिंपिकला इफिससकडून पैसे घेऊन इफिससचा नागरिक म्हणून धावला. क्रीटने त्याला हद्दपार केले. म्हणजे त्रितांतेख्मीस ज्यांच्याविषयी उद्गार काढत होता, त्याच धावपट्टीवर आणि त्याच दिवसांत, खेळाडू कोणत्या नगराचा हा प्रश्न राज्यकर्त्यांच्या मर्जीशी बांधला गेलेला होता. तरीही उद्गाराचा गाभा पूर्ण चुकीचा नाही. मैदानावर मुकुटाशिवाय काही मिळत नव्हते आणि त्या मुकुटाची ओढ पैशापेक्षा मोठी होती. चूक होते ती ‘म्हणून पैसा नव्हता’ असे अनुमान काढण्यात.

खेळाडू कोणत्या थरातून येत, हे मात्र मी ठामपणे एका वाक्यात सांगणार नाही. पहिला नोंदलेला विजेता, एलिसचा कोरिबस, आचारी होता असे परंपरा सांगते. अ‍ॅरिस्टॉटल एका ऑलिंपिक विजेत्याचा लेख उद्धृत करतो, ज्यात तो पूर्वी खांद्यावर कावड घेऊन आर्गॉसहून टेजियाला मासे वाहत असल्याचे सांगतो. दुसरीकडे पिंडारचे अनेक आश्रयदाते राजे आणि कुलीन होते, आणि 416 मध्ये एकदम सात रथ उतरवणारा अथेन्सचा अल्सिबायडीस अफाट श्रीमंत होता. रथाच्या शर्यतीत मुकुट सारथ्याला नव्हे, मालकाला मिळे. त्यामुळेच स्पार्टाची राजकन्या सिनिस्का 396 आणि 392 मध्ये मैदानात पाऊल न ठेवताही विजेती ठरली. अल्सिबायडीसने कुस्ती-मुष्टियुद्ध टाळले ते तेथे हलक्या कुळातले लोक असतात म्हणून, असे त्याच्या मुलासाठी लिहिलेल्या एका भाषणात म्हटले आहे. गरिबाचे पोर वर येण्याची वाट बहुधा अशी होती : स्थानिक उत्सवात एखादे बक्षीस, त्यातून खुराक आणि वस्ताद, मग मोठी स्पर्धा. इ.स.पू. 300 च्या सुमारास इफिससने एका होतकरू मुलाच्या सरावाचा खर्च नगराच्या तिजोरीतून उचलल्याचा शिलालेखही आहे.

तिसऱ्या प्रश्नाचा निकाल मला एका खटल्यासारख्या प्रसंगातून सर्वांत स्पष्ट दिसतो. ऑलिंपियाच्या स्टेडियमकडे जाताना डाव्या हाताला दगडी बैठकांची एक रांग लागते. दंडाच्या पैशातून उभारलेल्या झ्यूसच्या कांस्यमूर्ती त्यांच्यावर होत्या. पहिल्या सहा मूर्ती इ.स.पू. 388 सालच्या. थेसलीच्या युपोलसने मुष्टियुद्धातील तीन प्रतिस्पर्ध्यांना लाच दिली, म्हणून देणारा आणि घेणारे अशा चौघांनाही दंड झाला. आत शिरणाऱ्या प्रत्येक खेळाडूच्या नजरेस त्या पडाव्यात अशीच ती जागा आहे. पहिल्यांदा तेथे उभा राहिलो तेव्हा मी बराच वेळ पुढे गेलो नाही.

याच संदर्भात इ.स. 93 मधली गोष्ट पॉसेनियस देतो. अलेक्झांड्रियाचा मुष्टियोद्धा अपोलोनियस ठरलेल्या दिवशी पोहोचला नाही. उशिरा आल्यावर त्याने प्रतिकूल वाऱ्यांमुळे जहाज अडकल्याची सबब सांगितली. तेव्हा त्याच्याच नगरातल्या हेराक्लायडीसने उघड केले की, तो आयोनियातील स्पर्धांत पैसे मिळवत थांबला होता. पंचांनी अपोलोनियसला बाद केले आणि लढतीविनाच मुकुट हेराक्लायडीसला दिला. त्यावर अपोलोनियस हाताला चामड्याचे पट्टे बांधून मुकुट घातलेल्या हेराक्लायडीसवर धावून गेला. आता गुन्हा कोणता होता ते पाहावे. उशिरा येणे आणि खोटे बोलणे. पैशाच्या स्पर्धा खेळल्याबद्दल कोणीही बोट दाखवले नाही; वेळेवर पोहोचला असता तर ते पैसे खिशात ठेवूनच तो ऑलिंपियात लढला असता.

याच्याशेजारी 1912 चा जिम थॉर्प ठेवावा. स्टॉकहोमला पेंटॅथलॉन आणि डेकॅथलॉन जिंकलेल्या या खेळाडूची पदके पुढच्या वर्षी काढून घेण्यात आली, कारण त्याने पूर्वी किरकोळ मोबदल्यावर बेसबॉल खेळला होता. हा नियम ग्रीसमधून आलेला नव्हता. एकोणिसाव्या शतकातील इंग्लंडच्या वरच्या वर्गाने तो घडवला होता. तेथील 1866 च्या हौशी खेळाडूच्या व्याख्येत कारागीर आणि मजूर यांनाच वगळलेले होते. त्याच काळातील काही अभ्यासकांनी ही कल्पना प्राचीन ग्रीसवर चढवली आणि तिला प्राचीनतेचे पाठबळ मिळाले. 1984 मध्ये डेव्हिड यंग या अमेरिकन अभ्यासकाने पुराव्यानिशी तिची तपासणी केली, आणि तेव्हापासून प्राचीन हौशी ऑलिंपिकची कल्पना जाणकारांत उरलेली नाही. शालेय भाषणांत ती अजून आहे.

मुलीच्या भाषणासाठी माझी सूचना अशी की, मुकुटाचे वाक्य ठेवावे, कारण ते खरे आहे, आणि ‘पैशाचा विचारही न करता’ हे शब्द काढावेत. त्यांच्या जागी अथेन्सच्या मुलाचे 50 कुंभ तेल आणि 388 सालच्या सहा मूर्ती, एवढी दोन उदाहरणे तीन मिनिटांच्या भाषणात सहज बसतील. हिरोडोटसचा उद्गार तिला आवडला असेल तर तोही अवश्य ठेवावा, फक्त तो इराणी सरदाराच्या तोंडी हिरोडोटसने घातलेला आहे असे सांगून ठेवावा.